एका राशीच्या दोन राशी होत असतील, तर दुष्काळ कसा दाखवू?

पट्टीवाली

नमस्कार मंडळी. चार वर्षं इथे नुसती वाचतेय, धागा पहिल्यांदाच काढतेय. चुकलं तर सांभाळून घ्या.

आधी थोडं माझ्याबद्दल, नाहीतर प्रश्न कळणार नाही. बार्शीला एका आडत दुकानात मी एकोणीस वर्षं हिशेब लिहिते. सकाळी सौदे, दुपारी हमाली-तोलाई लावून शेतकऱ्यांच्या पट्ट्या, म्हणजे विकलेल्या मालाचे हिशेब, करायच्या, संध्याकाळी रोकड जुळवायची. बी.कॉम. झालेली आहे, गणिताशी नातं तेवढंच. पण दुकानात माल नसतो तेव्हा जुन्या खतावणीच्या मागच्या कोऱ्या पानांवर मी एक कादंबरी लिहिते. काल्पनिक जगातली. घरी फक्त बहिणीला माहीत आहे.

त्या जगाचं नाव दुणावळ. तिथल्या गणिताचा पहिला नियम असा: एका राशीचे पाच वाटे, पाच वाट्यांच्या दोन राशी. वरून काही घालायचं नाही, काही ताणायचं नाही, फुगवायचं नाही. वाटे नुसते फिरवून पुन्हा लावायचे की पहिल्याएवढ्याच दोन राशी. हे काम प्रत्येकाला जमत नाही. ते करणाऱ्या बायकांची एक जमात आहे, त्यांना निवडणाऱ्या म्हणतात. पुढ्यात सूप, मांडी घालून बसलेल्या, तोंडाने पुटपुटत.

हे आलं माझ्या आजीवरून. भारनियमनाच्या काळात कंदिलाशी बसून ती तूर निवडायची आणि शेवटी म्हणायची, "बघ, खडं काढलं तरी रास मोठीच दिसतीय." मला ते तेव्हा खरं वाटायचं. आता इंजिनियरिंगला असलेला भाचा म्हणतो की मावशी, हे गणितात खरोखर आहे, चेंडूचे पाच तुकडे करून दोन चेंडू करता येतात. तो चेष्टा करतोय की काय, कळत नाही.

आता अडचण. सातव्या प्रकरणात दुणावळात दुष्काळ पडतो. बहिणीने वाचलं आणि एका वाक्यात माझी हवा काढली: "अगं, एका राशीच्या दोन होतात तर दुष्काळ कशाला? बसव की चार बायका." बरोबर आहे तिचं. फुकट दुप्पट होणाऱ्या मालाला भाव कुठला? भाव नाही तर सौदा नाही, सौदा नाही तर आडत्या नाही, आणि माझी नायिका आडतीवरच हिशेब लिहिते.

निवडणाऱ्यांना शाप आहे, निवडायला शंभर वर्षं लागतात, असले उपाय मला नको आहेत. ती पळवाट झाली. अडचण त्या नियमाच्या पोटातून यायला हवी. तर जाणकारांनी सांगावं: असं गणित खरंच आहे का, आणि असेल तर त्यात भूक शिरायला जागा कुठे आहे?


तिरकस तात्या

दुणावळ म्हणजे लोणावळ्याच्या पुढचं स्टेशन का? चिक्कीपण दुप्पट होते का तिथं?

विनोद बाजूला. ताई, ही ट्रिक मी शाळेत करून दाखवायचो. आठ बाय आठचा कागदी पट घ्या, चौसष्ट घरं. ठरावीक रेषांवर कापून चार तुकडे करा. तेच तुकडे पाच बाय तेराच्या आयतात लावा. पासष्ट! एक घर फुकट. त्यावर पैजेने वडापाव खाल्लेत. तुमच्या निवडणाऱ्या असल्याच कुणीतरी असणार.


पट्टीवाली

तात्या, तुमचा निरोप वाचून दुकानातच पावतीपुस्तकाच्या पुठ्ठ्याचा पट कापला. पासष्ट आले खरे. मग तिरक्या रेषेवर नख फिरवून बघितलं. तुकडे एकमेकांना टेकत नाहीत, मधे बारीक, लांबट फट राहते. ते पासष्टावं घर त्या फटीत पसरलेलं आहे.

आमच्या धंद्यात याला कडता म्हणतात. पोत्यामागे थोडं थोडं वजन असं कापायचं की कुणाच्या डोळ्यावर येऊ नये, आणि दिवसाअखेर एक पोतं उभं राहतं. कोण कापतं ते इथे लिहीत नाही, पण एकोणीस वर्षांत फट ओळखायला शिकले. मला फट नसलेलं दुप्पट हवंय.


शून्यमास्तर

ताई, भाचा चेष्टा करत नाही. तुम्ही जे लिहिलंय ते पाचाच्या आकड्यासकट खरं आहे. स्तेफान बानाख आणि आल्फ्रेड टार्स्की या दोन पोलिश गणितज्ञांनी १९२४ साली ते सिद्ध केलं. भरीव गोळ्याचे मोजके तुकडे करायचे, नुसते फिरवायचे-सरकवायचे, त्याच आकाराचे दोन भरीव गोळे तयार. फट नाही, ताण नाही. पुढे १९४७ मध्ये राफाएल रॉबिन्सनने दाखवलं की पाच तुकडे पुरतात आणि पाचांपेक्षा कमीत होतच नाही. तुम्ही पाच कुठून आणलेत?

कसं होतं ते सांगतो. कराडला चौतीस वर्षं नववी-दहावीला शिकवलंय, त्यामुळे गोष्ट सांगितल्याशिवाय मला सिद्धता सांगता येत नाही.

एक गाव आहे. प्रत्येक चौकातून चार वाटा फुटतात: डावी, उजवी, वरची, खालची. झाडाच्या फांद्यांसारखं गाव आहे, म्हणजे दोन वेगळ्या वाटांनी एकाच चौकात कधीच पोचता येत नाही. आल्या पावली मागे फिरायचं नाही. मग तुमच्या घरापासून निघून जिथे पोचाल त्या चौकाचं नाव म्हणजे तिथवरची वाट: "डावी-वर-वर-उजवी" असं काहीतरी.

आता पहिल्या पावलावरून सगळ्या चौकांचे वाटे करा. डावीवाले, उजवीवाले, वरवाले, खालवाले, आणि एकटं तुमचं घर. झाले पाच.

आता गंमत. फक्त डावीवाले घ्या आणि प्रत्येकाच्या नावातलं पहिलं "डावी" पुसून टाका, म्हणजे सगळ्यांना एकेक पाऊल सरकवा. काय उरलं? डावीनंतर पुन्हा डावी येऊ शकते, वर येऊ शकते, खाल येऊ शकते, किंवा काहीच नाही. उजवी मात्र येऊ शकत नाही, कारण ते मागे फिरणं झालं. म्हणजे हा एकटा वाटा एक पाऊल सरकला आणि उजवीवाले सोडून सगळं गाव होऊन बसला! त्यात उजवीवाले मिळवा, अख्खं गाव. तिकडे वरवाले सरकवा, त्यात खालवाले मिळवा, पुन्हा अख्खं गाव. एका गावाची दोन गावं. तुमचं घर बाजूला राहिलं, ते जिरवायची युक्ती वेगळी आहे, पण जिरवता येतं.

गोळ्यावर हे कसं आणायचं? डावी म्हणजे एका अक्षाभोवती गोळा फिरवायचा, वर म्हणजे त्याला काटकोनात असलेल्या दुसऱ्या अक्षाभोवती. कोन असा घ्यायचा की ज्याचा कोसाइन एक तृतीयांश, सुमारे साडेसत्तर अंश. मग कितीही वेळा फिरवा, उलटं फिरल्याखेरीज गोळा मूळ जागी येत नाही. गोळ्यावरचा जवळजवळ प्रत्येक बिंदू अशा एकेका गावात राहतो. गावं इतकी अनंत की क्रमांकसुद्धा लावता येत नाहीत. आणि प्रत्येक गावातलं एक घर "हे आपलं घर" म्हणून निवडावं लागतं.

निवडावं लागतं! ताई, इथे मी खुर्चीतून उठलो. या पायरीला मराठीत आम्ही निवडीचं गृहीतक म्हणतो. एर्न्स्ट झर्मेलोने १९०४ मध्ये ते उघडपणे मांडलं. बर्ट्रांड रसेलने त्यासाठी चपलांचा दाखला दिला आहे (त्याच्याकडे बूट होते, आपण कोल्हापुरी घेऊ). अनंत जोड असले तरी "प्रत्येक जोडातली डावी घ्या" असा नियम सांगता येतो. पण अनंत मोजे असतील तर? दोन्ही मोजे सारखेच. नियम सांगता येत नाही, नुसतं "घेतला एकेक" एवढंच म्हणता येतं. तुमच्या आजीचं क्रियापद आणि झर्मेलोची पायरी एकच निघाली.


वाचनमात्र वसंत

मास्तर, दंडवत. पहिल्यांदा कळलं. पॉपकॉर्न घेऊन बसलोय.


कडबोळं

हे सगळं आपल्या भास्कराचार्यांना आधीच माहीत होतं. खहर राशीत काहीही मिळवा, काहीही काढा, ती तेवढीच राहते. बीजगणितात स्पष्ट लिहिलंय. पाश्चात्यांनी १९२४ ला शोधलं म्हणे.


शून्यमास्तर

कडबोळं, भास्कराचार्यांना मीही मानतो, पण तो मुद्दा वेगळा. शून्याने भागलेली राशी म्हणजे खहर, ती अनंत. प्रलयात जीव आत गेले काय किंवा सृष्टीच्या वेळी बाहेर आले काय, अच्युताला फरक पडत नाही, तसं तिचं आहे असं ते म्हणतात. अनंतात मिळवलं तरी अनंत, हे आपण पचवतो. ताईंची रास अनंत नाही, पायलीभरच आहे. पायलीच्या दोन पायल्या होतात, घशात अडकतं ते हे.


पट्टीवाली

मास्तर, रात्री अकरा वाजता वहीवर गाव काढून बघितलं. डावीवाल्यांची पहिली डावी पुसली आणि खरंच अंगावर काटा आला. पाच कुठून आणले ते मलाही माहीत नाही. एका हाताची बोटं पाच, एवढंच.

पण माझ्यातली हिशेबनीस गप्प बसत नाहीये. एक क्विंटल माल आहे. पाच वाटे केले. कुणाचा वीस किलो, कुणाचा तीस, काहीही असू दे, बेरीज शंभर किलो. वाटे फिरवले. फिरवल्याने वजन बदलत नाही, नाहीतर ट्रकवाले रोज घाटात वळणं घेऊन श्रीमंत झाले असते. मग तेच पाच वाटे दोन राशींत लावले की बेरीज दोनशे कशी? माझ्या पट्टीत हे बसत नाही. फट नाही म्हणता, मग चूक कुठे आहे?


शून्यमास्तर

चूक तुमच्या पहिल्या वाक्यात आहे: "कुणाचा वीस किलो, कुणाचा तीस." त्या वाट्यांना वजन नाही.

शून्य वजन नव्हे. वजनच नाही. काट्यावर ठेवलं तर काटा शून्यावर थांबत नाही आणि दुसऱ्या कुठल्या आकड्यावरही थांबत नाही. तुम्हीच आत्ता ते सिद्ध केलंत: पाचही वाट्यांना वजन असतं तर बेरीज एकदा शंभर आणि एकदा दोनशे आली असती. तशी येऊ शकत नाही, तेव्हा त्यांतल्या काहींना तरी वजन असूच शकत नाही. धूळ म्हणावी इतके ते विखुरलेले असतात, आणि ती धूळही नियमाशिवाय निवडलेली. गोळा अखंड असताना वजन आहे. दोन गोळे झाल्यावर वजन आहे. मधल्या अवस्थेत नाही.

आणखी एक, तुमच्या उपयोगाचं. पाच वाट्यांतला पाचवा वाटा फक्त एका बिंदूचा असला तरी चालतं. त्याला मात्र वजन आहे, आणि ते शून्य आहे.

तसंच, ही करामत भरीव वस्तूचीच. सपाट वस्तूची नाही. बानाखनेच १९२३ मध्ये दाखवलं होतं की सपाट पृष्ठावर फिरवून-सरकवून क्षेत्रफळ दुप्पट करता येत नाही. लाडू दुप्पट होतो, चपाती होत नाही.


तिरकस तात्या

"लाडू दुप्पट होतो, चपाती होत नाही" हे आमच्या मेसच्या भिंतीवर लावणार आहे.


पट्टीवाली

मास्तर, शून्य आणि "नाही" यातला फरक मला समजावायची गरज नाही. पट्टीत हमाली शून्य असली तर आम्ही शून्य लिहितो. हमालीचा हिशेबच व्हायचा असेल तर रकाना कोरा ठेवतो. नवीन पोरं कोऱ्या रकान्यात शून्य भरतात आणि मग वर्षाअखेर कपाळाला हात.

तर दुणावळात निवडलेल्या वाट्याचा रकाना कोरा. हे मला फार म्हणजे फारच आवडलं. मी विचार करते.


न्यायकोश

थोडा उशिरा आलो, धागा सुंदर चाललाय. एक गोष्ट कुणी बोललं नाही. पट्टीवालीताई, तुमच्या दुणावळात दाणे आहेत का? असले तर सगळं ओमफस. दाणे मोजके असतील तर प्रत्येक वाट्यात मोजके दाणे, आणि मोजके दाणे फिरवून वाढत नाहीत. आपल्या जगात लाडू दुप्पट होत नाही तो याचसाठी, तो अणूंचा आहे. तुमच्या जगात धान्य कणरहित हवं, अर्धं करत जा आणि कधीच थांबू नका असं.

आणि इथे आपल्याकडचा एक जुना वाद आठवतो. न्याय-वैशेषिक या जुन्या दर्शनांची मंडळी परमाणु का मानतात? त्यांचा युक्तिवाद असा: वस्तूचे भाग करत गेलो आणि ते कुठे थांबतच नसतील, तर मेरू पर्वतालाही अनंत अवयव आणि मोहरीच्या दाण्यालाही अनंत अवयव. मग दोघांत लहानमोठं कशावरून ठरवायचं? मेरू आणि मोहरी सारखेच होऊन बसतील. हे उघडच हास्यास्पद, म्हणून विभागणी कुठेतरी थांबलीच पाहिजे. ती थांबते तो परमाणु. खिडकीतून येणाऱ्या कवडशात जी धूळ नाचताना दिसते, तिच्या एका कणाचा सहावा भाग, असं त्याचं मापही दिलेलं आहे.

मास्तरांना माहीत असेल, बानाख-टार्स्कीचं जोरकस रूप असं आहे की कोणतीही भरीव वस्तू मोजक्या तुकड्यांत कापून कोणत्याही दुसऱ्या भरीव वस्तूत बदलता येते. वाटाण्याचा सूर्य, असं ते लोक म्हणतात. म्हणजे आपल्याकडे ज्याची भीती घातली गेली, "असं मानलंत तर मोहरीचा मेरू होईल", तेच तिकडे प्रमेय म्हणून मांडलं गेलं. एकाची आपत्ती, दुसऱ्याचं प्रमेय.

जाता जाता: वैशेषिकांचा आद्य आचार्य कणाद. नावाचा अर्थ कण खाणारा. शेतात सांडलेले दाणे वेचून तो पोट भरायचा, अशी आख्यायिका आहे. वेचणं आणि निवडणं यात काही फरक असेल तर तो तुमच्या कादंबरीत शोधावा.


पट्टीवाली

न्यायकोशदादा, दाणे काढून टाकले. आज दुपारी पंधरा पानं खोडली. वाईट वाटलं, कारण दाण्यांचा आवाज फार छान उतरला होता.

त्याऐवजी मापं आणली. आमच्या आजीकडे लाकडी-पत्र्याच्या मापांचा संच होता: दोन निळवी म्हणजे एक कोळवं, दोन कोळवी एक चिपटं, दोन चिपटी एक मापटं, दोन मापटी एक शेर. खाली निळव्यापाशी थांबायचं. दुणावळात निळव्याच्या अर्ध्यालाही नाव आहे, त्याच्या अर्ध्यालाही, आणि त्याच्याही. पोरं ती नावं अंगाईसारखी म्हणतात. अंगाईला शेवट नाही, पोर झोपलं की आई थांबते.

आणि कणाद म्हणून एक वेडा म्हातारा घातलाय (नाव बदललंय). तो गावोगाव फिरून सांगतो की खाली कुठेतरी सगळ्यात लहान माप आहे. सगळे त्याला हसतात. त्याचं खरं निघालं तर सगळ्यांची दुप्पट एका रात्रीत बंद पडेल, हे फक्त निवडणाऱ्यांना कळतं. त्या हसत नाहीत.


ओहायोतला बंड्या

इथे रात्रीचे दोन वाजलेत आणि मी हा धागा सोडू शकत नाहीये. संचसिद्धांतात पीएच.डी. करायला आलो होतो, आता विम्याच्या कंपनीत नोकरी करतो. त्यामुळे हे माझं जुनं प्रेमप्रकरण समजा.

पट्टीवालीताई, तुम्ही अजून मूळ प्रश्नाचं उत्तर घेतलं नाहीत: भूक कुठून येते. मला वाटतं, निवडणाऱ्यांवर बंदी आली तर काय होईल ते बघा. गणितातही असंच आहे. ग्योडेलने १९३८ मध्ये दाखवलं की बाकीच्या गृहीतकांत विसंगती नसेल तर निवडीचं गृहीतक घेतल्याने ती येत नाही. पॉल कोहेनने १९६३ मध्ये दाखवलं की नाकारल्यानेही येत नाही. म्हणजे कुठल्या राज्यात राहायचं ते तुम्ही ठरवायचं. आणि १९७० मध्ये रॉबर्ट सोलोवेने एक असं विश्व उभं केलं की जिथे सरसकट निवड चालत नाही, आणि तिथे प्रत्येक वाट्याला वजन आहे. एकही रकाना कोरा नाही. कुणाचंही काहीही दुप्पट होत नाही.

ऐकायला किती बरं वाटतं ना? स्वच्छ कारभार.

पण त्या विश्वात दुसरंच भूत निघतं. रेषेवरचे सगळे बिंदू घ्या. ज्या दोन बिंदूंतलं अंतर अपूर्णांकात सांगता येतं त्यांना एका वाट्यात टाका. प्रत्येक बिंदू कुठल्यातरी एकाच वाट्यात जातो, एकही वाटा रिकामा नाही. आता वाटे किती? सोलोवेच्या विश्वात उत्तर येतं: बिंदूंपेक्षा जास्त.

पुन्हा वाचा. माल वाटला, प्रत्येक वाट्यात काही ना काही आहे, कुठलाही बिंदू दोन वाट्यांत नाही, आणि तरी वाटे बिंदूंपेक्षा जास्त.

तुम्ही म्हणाल, असं कसं, प्रत्येक वाट्यातून एकेक बिंदू उचलून ओळीत ठेव, वाटे बिंदूंपेक्षा जास्त नाहीत हे लगेच दिसेल. अगदी बरोबर. पण "प्रत्येक वाट्यातून एकेक उचल" म्हणजेच निवड. आणि निवडणाऱ्यांना तर हाकलून दिलंय.


वाचनमात्र वसंत

पॉपकॉर्न संपले. डोकं गरगरतंय. बंड्या, हे खरं आहे?


शून्यमास्तर

खरं आहे. मी याबद्दल ऐकून होतो, पण इतकं थेट सांगितलेलं नव्हतं. कागदावर बसून तपासलं, पहाटेचा चहा दोनदा गार झाला.


पट्टीवाली

बंड्याभाऊ, "वाटे मालापेक्षा जास्त आणि एकही रिकामा नाही" हे तुम्ही भूत म्हणून सांगितलंत. मी रोज बघते. माझ्या माहेरच्या जमिनीचा सातबारा काढून बघा. अकरा गुंठे आणि नावं सत्तावीस. प्रत्येकाचा हिस्सा लिहिलेला, कुणाचाही शून्य नाही. भांडण लागलं की सगळे कागद दाखवतात. पण बांधावर उभं राहून "तुझी कुठली, दाखव" म्हणा, एकाला दाखवता येत नाही. (हे गणित नव्हे, ते मला कळतं. सत्तावीस म्हणजे सत्तावीसच. पण सुरसुरी तिथूनच आली.)

मग सातवं प्रकरण लागलं. असं:

राजधानीतून काटेकर येतात, म्हणजे वजनकाटे तपासणारे अधिकारी. दुणावळची बदनामी झालेली असते की इथे माल कुठून येतो ते कुणालाच सांगता येत नाही. काटेकर बंदी घालत नाहीत. एकच साधा हुकूम काढतात: न तोललेला माल हलवायचा नाही. वाचायला किती योग्य! आमच्या यार्डातही तोल झाल्याशिवाय पोतं हलवत नाहीत. पण निवडलेला वाटा काट्यावर ठेवला की काटा थांबतच नाही. तोल होत नाही, म्हणून वाटा फिरवता येत नाही, म्हणून दुसरी रास होत नाही. निवडणाऱ्यांना कुणी तुरुंगात टाकत नाही, त्या सूप घेऊन काट्यापुढच्या रांगेत बसून राहतात. तीन पावसाळे. मग एकेक करून उठून जातात.

त्या गेल्यावर हिशेब स्वच्छ होतो. माझ्या नायिकेच्या वहीत एकही कोरा रकाना राहत नाही, तिला आनंद होतो (मलाही झाला असता, खोटं कशाला बोलू). मग काटेकर शेवटची रास गावाला वाटून देतात. प्रत्येकाच्या नावावर वाटा. कुणाचाच रिकामा नाही. वही जुळते, रोकड जुळते. आणि लोक उपाशी. का ते तिला कळत नाही, कारण वहीत चूक नाही. तिला शोधायचं आहे ते असं: प्रत्येकाने आपापल्या वाट्यातून एकच चिमूट उचलून तोंडात टाकावी. ती उचलायला जाते आणि हात थांबतो. कुठली चिमूट? गावात आता ते ठरवू शकणारं कुणी नाही.

एक तुकडा टाकते, कच्चा आहे:

"म्हातारीने सूप पुढे ओढलं. पहिल्या वाट्याला ती एक म्हणाली नाही, लाभ म्हणाली, तिची आई म्हणायची तसं. लाभ, दोन, तीन, चार. चारही वाटे उचलून तिने काट्यावर ठेवले आणि काटा डोलत राहिला, दिवा वाऱ्यावर डोलतो तसा. काटेकराने लिहायला लेखणी उचलली आणि तशीच धरून ठेवली. मग म्हातारीने बोटाच्या टोकावर पाचवा वाटा घेतला. काही दिसलं नाही. काट्यावर टेकवला, काटा शून्यावर येऊन गप्प बसला. 'हा लिवा,' ती म्हणाली. 'ह्यो भरतोय बराबर.'"


तिरकस तात्या

ताई, चेष्टा केल्याबद्दल माफी. तो पाचवा वाटा, एका बिंदूचा, शेवटी कुणाच्या वाट्याला जातो?


पट्टीवाली

हिशेब लिहिणारीच्या. तेवढीच तिची मजुरी ठरलेली असते.


शून्यमास्तर

उतारा झकास. दोन दुरुस्त्या. चारही वाटे एकदम काट्यावर ठेवलेत तर वजन दाखवेल. चारांची मिळून रास होते, फक्त एक बिंदू कमी, आणि तिला वजन आहे. एकेक वाटा वेगवेगळा ठेवायला लावा. दुसरं, आधीच्या मजकुरात तुम्ही "वाटा फिरवता येत नाही" लिहिलंय ते बरोबर आहे, पण प्रकरण तीनमध्ये (तुम्ही मला पाठवलेल्या) म्हातारी वाटे मळते. मळलं की ताण आला. मळायचं नाही, नुसतं वळवायचं.


पट्टीवाली

अगंबाई, खरंच की. चारही एकत्र ठेवले म्हणजे ती रासच झाली. काटेकराने तिथेच पकडलं असतं. दुरुस्त करते. परवा अमावस्या आहे, यार्ड बंद. दिवसभर तेच करेन. बंड्याभाऊ, तोवर एक सांगून ठेवा: सोलोवेच्या राज्यात सगळीच निवड बंद असते, की क्रमांक लावून एकामागून एक उचलायला परवानगी असते? निवडणाऱ्यांपैकी एक पोरगी मागे ठेवायचा विचार आहे.


ओहायोतला बंड्या

असते. आधीच्या उचलण्यावरून पुढचं, एका रांगेत, पहिला-दुसरा-तिसरा असं उचलायला त्या राज्यात मुभा आहे. क्रमांक लावता येत नाहीत इतके वाटे एकदम पुढ्यात आले की मात्र हात बांधलेले. पोरगी ठेवा मागे.